‘निर्णय अंतिम आहे’, म्हणजे कुठपर्यंत?

पत्र

सप्रेम नमस्कार. आमची द्राक्षबाग आहे. दरवर्षी निम्मा माल बेदाण्याला टाकतो. तो पडेल भावाने देण्यापेक्षा आपणच निवडून, धुऊन, पॅक करून विकावा म्हणून मी शेड उभारली आणि मशिनरीसाठी बँकेचं कर्ज काढलं. १२ जानेवारीला अन्न व्यवसायाच्या परवान्यासाठी ऑनलाइन अर्ज केला. २ फेब्रुवारीला ‘पाण्याचा तपासणी अहवाल जोडा’ असा शेरा आला. तो ९ फेब्रुवारीला जोडला. मग अधिकारी शेड पाहून गेले. २७ मार्चला नकार आला: ‘परिसरातील नागरिकांच्या तक्रारी व एकूण परिस्थिती पाहता परवाना देणे उचित वाटत नाही.’ तक्रार कोणाची, कशाबद्दल, ते मला कोणी दाखवलं नाही. ८ एप्रिलला अपील केलं. जूनमध्ये सुनावणी झाली, तेव्हाच्या साहेबांनी शांतपणे ऐकून घेतलं. पुढे त्यांची बदली झाली. ३० जुलैच्या आदेशावर सही दुसऱ्याच साहेबांची आहे: ‘खालील आदेशात हस्तक्षेप करण्याचे कारण दिसत नाही. अपील फेटाळण्यात येत आहे.’ कार्यालयात विचारलं तर म्हणाले, खरं कारण पाण्याचा अहवाल होता, आणि आता निर्णय अंतिम आहे, पुढे काही नाही. एजंट म्हणतो वर निवेदन देऊ, साहेब बदलतील तसा निर्णयही बदलेल. भाऊ म्हणतो हायकोर्टात जा, कोर्टच परवाना देईल. हप्ते सुरू झालेत. मी काय करू?
— एक बागायतदारीण

उत्तर

ताई, भाऊ अर्धा बरोबर आहे, एजंट पूर्ण चूक आहे आणि कार्यालयातल्या गृहस्थांनी तुम्हाला कायद्याची एक ओळ चुकीच्या जागी वाचून दाखवली आहे.

आधी ती ओळ बघू. अन्न सुरक्षा व मानके अधिनियम, २००६ मध्ये परवान्याची दोन कलमं शेजारी शेजारी आहेत. कलम ३१ परवाना देण्याचं आणि नाकारण्याचं. कलम ३२ सुधारणा नोटिशीचं, परवाना निलंबित किंवा रद्द करण्याचं. अन्न सुरक्षा आयुक्तांचा अपिलातला निर्णय ‘अंतिम’ असेल, हे शब्द कलम ३२ मध्ये आहेत. तुम्हाला तर परवाना मिळालाच नाही, मग तो रद्द कुठून होणार? तुमचं प्रकरण कलम ३१ चं. तिथे नकाराविरुद्ध आयुक्तांकडे अपील करता येईल एवढंच म्हटलं आहे.

पण ‘अंतिम’ हा शब्द तुमच्या कलमात असता तरी मी हेच उत्तर दिलं असतं. कायद्यात ‘अंतिम’ लिहिलं की त्या खात्याच्या आतली शिडी संपते. खात्याबाहेरचं दार विधिमंडळ किंवा संसद साध्या कायद्याने बंद करू शकत नाही, कारण ते दार राज्यघटनेने ठेवलं आहे: उच्च न्यायालयासाठी अनुच्छेद २२६ आणि २२७. एल. चंद्रकुमार प्रकरणात १९९७ साली सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांच्या पीठाने सांगितलं की उच्च न्यायालयाचा हा अधिकार घटनेच्या मूलभूत चौकटीचा भाग आहे, घटनादुरुस्तीनेसुद्धा तो काढता येणार नाही. तेव्हा काउंटरवरच्या ‘पुढे काही नाही’ला फार घाबरू नका.

आता भावाच्या अर्ध्या चुकीबद्दल. ती मोठी आहे, आणि ती मनातून काढली नाहीत तर कोर्टातून जिंकून आल्यावरही तुम्हाला हरल्यासारखं वाटेल.

उच्च न्यायालयात तुम्ही जी रिट याचिका (अनुच्छेद २२६ खालचा अर्ज) करणार, ते दुसरं अपील नव्हे. न्यायाधीश तुमची शेड बघणार नाहीत. पाणी प्यायला योग्य आहे का, गटार पुरेसं आहे का, बेदाणा धुण्याची जागा कशी आहे, हे ते ठरवणार नाहीत. परवाना द्यायला हवा होता की नको, हेही सहसा नाही. ते फक्त एवढंच बघतात: ज्याला ‘नाही’ म्हणायचा अधिकार होता त्याने ते कायद्याने सांगितलेल्या रीतीने, कायद्याने सांगितलेल्या कारणासाठी आणि स्वतः विचार करून म्हटलं का? ही मर्यादा जुनी आहे आणि परवान्यांच्याच भांडणांतून घडली आहे. आसामात देशी दारूच्या दुकानांच्या परवान्यांवरून खात्यातल्या अपिलांत उलटसुलट आदेश झाले. उच्च न्यायालयाने त्यात हात घातला, तेव्हा नागेंद्रनाथ बोरा प्रकरणात १९५८ साली सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयालाच थांबवलं: अपील अधिकाऱ्याचं मत तुम्हाला पटलं नाही एवढ्यावरून आदेश रद्द करता येत नाही, नोंदींवर उघड दिसणारी कायद्याची चूक हवी. सरकारी वकील आजही अशा याचिकेत उभे राहिले की याच धाटणीने सुरुवात करतात. त्यामुळे ‘माझ्यावर अन्याय झाला’ या वाक्याला कोर्टात फार वजन नसतं. ‘२७ मार्चच्या आदेशात कारण नाही’ या वाक्याला असतं.

आणि तुमच्या कागदांत अशी वाक्यं बरीच सापडतात. वकिलाच्या नजरेने सांगायचं तर तुमचा नकार फार ढिसाळ लिहिला आहे, आणि हीच तुमची जमेची बाजू.

कलम ३१ पुन्हा उघडा. पदनिर्देशित अधिकाऱ्याला, म्हणजे परवान्याचा निर्णय घेणाऱ्या अधिकाऱ्याला, परवाना नाकारता येतो, पण तीन अटींवर. अर्जदाराला म्हणणं मांडायची संधी द्यायची. कारणं लेखी नोंदवायची. आणि नकार लोकांच्या आरोग्याच्या हितासाठी आवश्यक आहे, अशी त्याची खात्री व्हायला हवी. आता तुमचा आदेश या तीन चाळण्यांतून टाका. संधी? तुम्ही लिहिता, अधिकारी शेड पाहून गेले. पण नकार देण्यापूर्वी तुम्हाला बोलावून किंवा लेखी विचारून ‘यावर तुमचं काय म्हणणं’ असं कोणी म्हटल्याचा पत्रात उल्लेख नाही. जागेची तपासणी म्हणजे सुनावणी नव्हे. एखादी नोटीस आली असेल आणि तुम्ही लिहायचं विसरला असाल, तर ती आजच शोधा. ती दुसऱ्या बाजूने कोर्टात दाखवली तर तुमची विश्वासार्हताच जाते. कारणं? ‘एकूण परिस्थिती पाहता’ हे कारण नव्हे, ती कारण टाळायची सरकारी पद्धत आहे. आणि सार्वजनिक आरोग्य? त्याचा शब्दही नाही. नागरिकांची तक्रार सांडपाण्याबद्दल असेल तर ती आरोग्याची गोष्ट झाली. रस्त्यात टेम्पो उभे राहतात अशी असेल तर तिचं उत्तर द्यायला दुसरी खाती आहेत, अन्न परवान्याचं हे कलम नव्हे. पण तक्रार काय होती हेच तुम्हाला दाखवलं नाही. ज्या कागदावर तुमच्याविरुद्ध निर्णय होतो तो कागद तुम्हाला दाखवायचा असतो. न्यायालयं या मुद्द्यावर सहसा कडक असतात.

आता कार्यालयात कानात सांगितलेलं ‘खरं कारण’. मला यात सर्वांत जास्त रस आहे, कारण याचं उत्तर मुंबईच्याच एका परवान्याच्या प्रकरणात सापडतं.

गोरधनदास भानजी नावाच्या गृहस्थांना अंधेरीत सिनेमागृह बांधायचं होतं. परवानगी देण्याचा अधिकार मुंबईच्या पोलीस आयुक्तांचा. त्यांनी १९४७ साली परवानगी दिली. काही आठवड्यांत त्यांच्याच सहीचं पत्र आलं: सरकारच्या आदेशावरून कळवतो की परवानगी रद्द करण्यात येत आहे. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि १९५१ साली निकाल लागला. आयुक्तांचं म्हणणं असं की पत्राचा मसुदा तसा असला तरी निर्णय मी माझ्या बुद्धीने घेतला होता. न्यायमूर्ती विवियन बोस यांनी ते मानलं नाही. सार्वजनिक अधिकाऱ्याचा आदेश त्यातल्या शब्दांवरून वाचायचा. आपल्या मनात काय होतं हे त्याने मागाहून सांगितलेलं त्यात मिसळायचं नाही. लोक आदेश वाचून वागतात, अधिकाऱ्याचं मन वाचून नव्हे. पुढे मोहिंदरसिंग गिल प्रकरणात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी हेच सूत्र ठाम केलं. मूळ आदेशात नसलेली कारणं नंतर प्रतिज्ञापत्रातून पुरवता येत नाहीत. आदेश काही मुरत ठेवलेली दारू नाही की जुना झाला म्हणून चढेल, अशा अर्थाची त्यांची कोटी वकील मंडळी अजून हौसेने वापरतात.

तुमच्या बाबतीत याचा अर्थ सरळ आहे. पाण्याचा अहवाल हे कारण २७ मार्चच्या आदेशात नाही, ३० जुलैच्या आदेशातही नाही. उद्या खात्याने उच्च न्यायालयात प्रतिज्ञापत्र करून ‘वस्तुतः पाण्याचा अहवाल असमाधानकारक होता’ असं म्हटलं, तर तुमच्या वकिलांनी उठून एवढंच विचारायचं: आदेशात कुठे आहे? आणि हो, तुम्ही अहवाल ९ फेब्रुवारीला जोडल्याची पोर्टलवरची नोंद त्याच क्षणी पुढे करायची.

गोरधनदासांच्या प्रकरणाचा शेवटही तुमच्या भावाला वाचून दाखवा. न्यायालयाने ‘हे घ्या सिनेमागृह’ असं म्हटलं नाही. ज्याचा अधिकार आहे त्या आयुक्तांनी स्वतःची बुद्धी वापरून ठरवावं, असं सांगितलं. याच्याकडे मी शेवटी पुन्हा येतो.

अपिलाच्या आदेशात दोन दोष आहेत, पण दोन्ही सारख्या वजनाचे नाहीत.

पहिला कारणांचा. उत्तर प्रदेशातल्या एका साखर व्यापाऱ्याचा परवाना जिल्हाधिकाऱ्यांनी रद्द केला. त्याने राज्य सरकारकडे अपील केलं आणि अपील फेटाळल्याचं नुसतं कळवण्यात आलं. महाबीर प्रसाद संतोष कुमार प्रकरणात १९७० साली सर्वोच्च न्यायालयाने हे चालणार नाही असं सांगितलं. कारणं लिहायची सक्ती असली की निर्णय लहरीवर होत नाही, आणि ज्याच्याविरुद्ध गेला त्याला पुढे कशाला आव्हान द्यायचं हे कळतं. हे वाचून तुम्हाला वाटेल, झालं, जिंकलो. थांबा. सरकारी वकीलही वाचून येतात. ते १९९० चा एस. एन. मुखर्जी निकाल काढतील. त्यात घटनापीठाने म्हटलं आहे की अपील अधिकारी खालच्या आदेशाशी सहमत असेल तर त्याने तीच कारणं पुन्हा लिहायची गरज नाही. म्हणजे दोन ओळींचा अपिली आदेश आपोआप बेकायदा होत नाही. यावर तुमचं उत्तर तयार हवं: खालच्या आदेशात कारण असतं तर त्याच्याशी सहमत होता आलं असतं. इथे वरचे म्हणतात खालचं बरोबर आणि खालचे म्हणतात एकूण परिस्थिती पाहता. मग नेमकं बरोबर काय? म्हणून याचिकेत हे दोन आदेश वेगवेगळे झोडपू नका, एकावर एक ठेवून दाखवा. अनेक याचिकांमध्ये हा मुद्दा आठव्या परिच्छेदात, ‘नैसर्गिक न्याय’ या जाडजूड शब्दाखाली गाडलेला असतो. तुमच्या वकिलांना तो पहिल्या पानावर आणायला सांगा.

दुसरा दोष: ऐकलं एकाने, ठरवलं दुसऱ्याने. याचं मूळ प्रकरण आंध्रातलं आहे. बस वाहतुकीच्या राष्ट्रीयीकरणावरच्या हरकतींची सुनावणी खात्याच्या सचिवांनी घेतली आणि निर्णय मुख्यमंत्र्यांनी दिला. गुल्लापल्ली नागेश्वर राव प्रकरणात १९५९ साली सर्वोच्च न्यायालयाने ही वाटणी नाकारली. सुनावणीत समोरच्याचं बोलणं ऐकताना मनात शंका येते, ती विचारता येते, तिचं उत्तर मिळतं. नुसती फाइल वाचणाऱ्याला यातलं काही मिळत नाही, मग ती सुनावणी नावापुरतीच उरते. तुमचं प्रकरण यात बसतं असं दिसतं. ‘दिसतं’ म्हणतो, कारण एक गोष्ट तपासायची आहे. बदली होण्याआधी जुन्या साहेबांनी फाइलवर निर्णय लिहून सही केली होती आणि नव्यांनी फक्त तो कळवला, असं निघालं तर हा मुद्दा लटका पडेल. म्हणून याचिकेआधी एक काम करा.

माहिती अधिकारात अर्ज टाका. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टँप, साधा कागद. मागा काय ते मात्र नेमकं मागा: तुमच्या अर्जाच्या फाइलमधल्या टिपण्या, तपासणी अहवाल, नागरिकांच्या तक्रारीची प्रत, अपिलाचा रोजनामा (सुनावणीची तारीखवार नोंद), आणि अपिलाच्या फाइलवरच्या टिपण्या तारखांसह. ‘माझ्या प्रकरणाची सर्व माहिती’ असं लिहिलंत तर सर्व म्हणजे काय, यावरच महिना जाईल. फाइल प्रत्यक्ष पाहायची मागणीही त्याच अर्जात करा. कार्यालयाला उत्तरासाठी तीस दिवस असतात. तक्रारदारांची नावं झाकून प्रत देतील, देऊ देत. आपल्याला तक्रारीतला मजकूर हवा आहे. आणि उत्तर आलं नाही म्हणून याचिका अडवून ठेवू नका. रिट याचिकेला कायद्याने दिवस मोजून दिलेले नाहीत, पण उशीर का केला हा प्रश्न कोर्ट विचारतंच, आणि ‘निवेदनाच्या उत्तराची वाट पाहत होतो’ हे त्याचं फार दुबळं उत्तर आहे.

इथे एजंटाचा निकाल लावतो. एकदा अपिलाचा निर्णय दिला की तोच अधिकारी, किंवा त्याच्या खुर्चीत आलेला नवा, केवळ मन बदललं म्हणून तो फिरवू शकत नाही. पुनर्विलोकनाचा, म्हणजे स्वतःचाच निर्णय पुन्हा तपासायचा, अधिकार कायद्याने दिला असेल तरच असतो, हे सर्वोच्च न्यायालयाने पटेल नरसी ठाकरसी प्रकरणात १९७० सालीच सांगितलं आहे. तेव्हा निवेदनाने हातात काही येणार नाही, मधले महिने तेवढे जातील. एजंटाची फी वेगळी.

तुमच्या पत्रात ओझरत्या आलेल्या दोन तारखांबद्दल आता बोलतो. तुम्हाला त्यांचं महत्त्व जाणवलं नसावं. अर्ज १२ जानेवारीचा, नकार २७ मार्चचा. मध्ये दोन महिन्यांहून जास्त दिवस गेले. त्याच कलम ३१ मध्ये एक परंतुक, म्हणजे ‘परंतु’ म्हणून जोडलेली अट, आहे: अर्ज केल्यापासून दोन महिन्यांत परवाना दिला नाही किंवा अर्ज फेटाळला नाही, तर अर्जदार व्यवसाय सुरू करू शकतो. मग अधिकाऱ्याला परवाना नाकारता येत नाही, हवं तर सुधारणा नोटीस देता येते. म्हणजे १२ मार्चनंतर ‘नाही’ म्हणायचा अधिकारच उरला नव्हता, असा युक्तिवाद तुम्हाला करता येतो. मुद्दा देखणा आहे. पण याला मी दुसऱ्या क्रमांकावर ठेवीन. खातं म्हणेल, अर्ज पूर्ण झाला ९ फेब्रुवारीला, पाण्याचा अहवाल जोडला तेव्हा. तिथून मोजलं तर २७ मार्च मुदतीत बसतो. तुम्ही म्हणाल, कलमात ‘अर्ज केल्यापासून’ असं आहे, ‘पूर्ण झाल्यापासून’ असं नाही. यावर न्यायाधीशांचं मत कुठे झुकेल ते मी इथे बसून सांगणार नाही. म्हणून मुद्दा घ्या, पण सगळी याचिका त्याच्यावर टांगू नका.

आणि कृपा करून, या परंतुकाच्या भरवशावर आज मशीन सुरू करू नका. नकाराचा आदेश कागदावर उभा आहे. तो चुकीचा असला तरी न्यायालयाने रद्द करेपर्यंत तो आहेच. परवान्याशिवाय अन्न व्यवसाय केला तर कायद्याने दंडाची कारवाई होऊ शकते. अशी कारवाई झाली तर कोर्टात तुमची बाजू सांगण्याऐवजी आधी तिचंच स्पष्टीकरण द्यावं लागेल.

कोर्ट कुठलं, तर मुंबई उच्च न्यायालय. पण मुंबईच्या खेपा धरून बसू नका. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं फिरतं खंडपीठ कोल्हापुरात बसतं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांचं काम तिथे चालतं. पाकिटावरच्या शिक्क्यावरून तुम्ही यातल्याच एका जिल्ह्यातल्या आहात. खात्यातलं अपील आधी करून झालंय, हेही तुमच्या पथ्यावर पडतं. बरेच जण अपिलाची पायरी वगळून थेट रिट करतात आणि ‘आधी तिकडे जा’ म्हणून परत येतात. तो अडसर तुमच्यापुढे नाही.

वकिलांशी बोलताना एक प्रश्न आवर्जून विचारा: अंतरिम दिलासा कोणता मागणार? ते सवयीने ‘स्टे’ म्हणाले तर पुढचं विचारा, स्टे कशाला? चालू परवाना रद्द झाला असेल तर रद्द करण्याच्या आदेशाला स्थगिती मिळते आणि दुकान चालू राहतं. तुमच्याकडे परवानाच नव्हता. नकाराला स्थगिती मिळाली तर हातात काय येतं? काहीच नाही. नकार गोठला म्हणून परवाना उगवत नाही. म्हणून स्थगितीच्या मागे धावण्यात तारखा घालवण्यापेक्षा, मुद्दा छोटा आणि कागदावरचा आहे, दाखल होण्याच्या टप्प्यावरच अंतिम निकाल द्या, अशी विनंती करायची. ‘रूल, रिटर्नेबल फोर्थविथ’ हे शब्द निकालात दिसले की समजा ती मान्य झाली. त्यासाठी याचिका सुटसुटीत हवी. पंचवीस मुद्द्यांची याचिका एका सुनावणीत संपत नाही. तक्रारदार रहिवासी अपिलात पक्षकार होते का ते पाहा. असतील तर त्यांनाही प्रतिवादी करा, नाहीतर त्यांच्या नोटिशीसाठी एक तारीख जाईल.

आणि मागणी काय करायची? हा मी राखून ठेवलेला भाग. सगळं मनासारखं झालं तरी निकाल बहुधा असा येईल: दोन्ही आदेश रद्द, अर्ज पदनिर्देशित अधिकाऱ्याकडे परत, अर्जदाराला ऐकून नव्याने निर्णय घ्यावा. परवाना नाही, फेरविचार. तक्रार करू नका. घटनेने परवाने द्यायचं काम न्यायाधीशांना दिलेलं नाही आणि ते दिलेलं नाही हे बरंच आहे. पण ‘नव्याने निर्णय घ्यावा’ या वाक्याला शेपूट जोडून घेणं तुमच्या वकिलांच्या हातात आहे: इतक्या आठवड्यांच्या आत, तक्रारीची आणि तपासणी अहवालाची प्रत आधी देऊन, प्रत्यक्ष सुनावणीनंतर, सकारण आदेशाने. मुदतीशिवायचा फेरविचार म्हणजे फाइल पुन्हा कपाटात. मुदत मागितली तर न्यायालयं ती बहुतेक देतात, न मागता क्वचित. व्यवसाय करण्याचा तुमचा हक्क अनुच्छेद १९ मधला आहे, तो सरकारची मेहेरबानी नाही, हे याचिकेत एकदा म्हणा. एकदाच. (दारूच्या परवान्याचं प्रकरण असतं तर हेही म्हणता आलं नसतं, तिथे मूलभूत हक्क मानत नाहीत.) कर्जाच्या हप्त्यांची भरपाई या याचिकेत मागू नका. मिळायची नाही, आणि मुख्य मुद्दा पातळ होतो.

फेरविचारात अधिकारी पुन्हा ‘नाही’ म्हणू शकतो, या वेळी नीट कारणं लिहून. नीट कारणं लिहिलेला नकार रिटमध्ये पाडणं अवघड, हे नागेंद्रनाथ बोरा प्रकरणात वर पाहिलंच. म्हणून कोर्टाचं काम चालू असताना शेडचं कामही चालू ठेवा. पाण्याची तपासणी मान्यताप्राप्त प्रयोगशाळेतून पुन्हा करून घ्या, पिण्याच्या पाण्याच्या आयएस १०५०० या मानकाप्रमाणे, ताज्या तारखेची. परवाना विनियमांच्या परिशिष्ट ४ मध्ये स्वच्छतेची जी यादी आहे ती घेऊन शेडमध्ये एक फेरी मारा: सांडपाणी कुठे जातं, जाळ्या आहेत का, हात धुण्याची जागा, कामगारांच्या आरोग्य तपासणीचे दाखले. धुण्याचं पाणी उघड्या गटारात सोडत असाल तर शेजाऱ्यांची तक्रार खोटी नाही, ताई, आणि ती दुरुस्त करायला कोर्टाची वाट बघायची गरज नाही.

हे सगळं दुरुस्त झालं की आणखी एक वाट उघडते: नवा अर्ज. कधी कधी तो याचिकेच्या आधी मार्गी लागतो. करायचा असेल तर अर्जासोबत एक ओळीचं पत्र जोडा, की आधीच्या नकाराविरुद्धचे माझे हक्क राखून हा अर्ज करत आहे. नाहीतर कोर्टात म्हणतील, यांनी नकार मान्य करूनच नवा अर्ज केला. तो अर्ज तुमच्याच लॉगिनने करा, एजंटाच्या नव्हे. १२ जानेवारी, २ फेब्रुवारी, ९ फेब्रुवारी या सगळ्या नोंदी पोर्टलवरच्या अर्जाच्या इतिहासात आहेत. ते खातं एजंटाच्या मोबाइल नंबरवर उघडलं असेल, तर त्याला ‘निवेदन नको’ हे सांगण्याआधी पासवर्ड ताब्यात घ्या आणि त्या पानांच्या प्रती काढून ठेवा.